सतरा नंबरचा आवाज

घरात तिला सगळे मुंगी म्हणत. लहानपणी कुणी मूठभर शेंगदाणे दिले तर ती आधी ते मोजायची, मग रांगेत मांडायची आणि मगच एकेक तोंडात टाकायची. मोठी झाली, पदार्थविज्ञानात पदवी घेतली, तरी खोड गेली नाही. फक्त शेंगदाण्यांच्या जागी आवाज आले.

तिचं काम नेमकं काय, हे शेजारणीला समजावताना तिच्या आईच्या तोंडाला फेस यायचा.

"जुन्या वाद्यांचे आवाज गोळा करते ती."

"म्हणजे तारांची, लाकडी वगैरे?"

"नाही हो, विजेवरची. चाळीस वर्षांपूर्वी निघाली होती ना, ती सिंथेसायझर."

"का? आता नवी मिळत नाहीत?"

"मिळतात की. पण त्या नव्यांत जुन्यांचा आवाज घालायचा असतो."

शेजारीण मान हलवायची आणि पाण्याच्या मोटारीचा विषय काढायची.

आईचं उत्तर तसं बरोबरच होतं. त्या काळच्या डिजिटल यंत्रांची स्मरणशक्ती बेताची. आवाज म्हणजे त्यांच्या पोटात नुसते आकडे, आणि तेही काटकसरीनं साठवलेले. त्यामुळे आवाजाच्या कडा खरखरीत राहायच्या, आणि विरत जाणारा सूर शेवटी शेवटी वाळूसारखा व्हायचा. ज्यांनी ती यंत्रं बनवली त्यांना हा दोष वाटायचा. आता कुठलाही आवाज हवा तितका गुळगुळीत करता येतो, तर संगीतकार नेमके त्या खरखरीसाठी जीव टाकतात. पण यंत्रं उरलीत थोडी, आणि आहेत तीही मोडकी, जड, कुणाच्या तरी कपाटावर धूळ खात पडलेली. मग मुंगीसारखी माणसं एकेक यंत्र गाठतात. त्याची प्रत्येक पट्टी हळू, मध्यम, जोरात अशी वाजवतात आणि प्रत्येक सूर वेगळा नोंदवून घेतात. या तुकड्यांना सॅम्पल म्हणतात. ते कॉम्प्युटरमध्ये नीट लावले की साध्या की-बोर्डवर बोट ठेवलं तरी जुनं यंत्र बोलतंय असं वाटतं.

मुंगी हे काम दाढीच्या स्टुडिओत करायची. दाढी म्हणजे स्टुडिओचा मालक. कॉलेजात तिच्या दोन वर्षं पुढे होता, आणि तेव्हापासून त्याच्या चेहऱ्याचा अर्धा भाग कुणी पाहिलेला नव्हता.

तर एका सोमवारी मुंगी तिच्या मोठ्या काकांकडे त्यांचं यंत्र आणायला गेली.

काकांनी जन्मभर टेलिफोन ऑफिसात नोकरी केली आणि संध्याकाळी एका वाद्यवृंदात सिंथेसायझर वाजवला. वाद्यवृंद मोडून वीस वर्षं झाली होती. यंत्र मात्र आतल्या खोलीत, चादरीखाली, अजून तसंच होतं. एकसष्ट पट्ट्या, चौदा किलो वजन, आणि हिरवट पडद्यावरची अक्षरं इतकी फिकट की वाचायला डोळे बारीक करावे लागत.

"ने गं बाई एकदाचं," काकू म्हणाली. "जिवंत माणसाला या घरात एवढी जागा मिळत नाही."

"जिवंत माणूस दिवसभर घरभर फिरत असतं, त्याला जागा कशाला हवी?" काका म्हणाले आणि त्यांनी बटण दाबलं. "मुंगे, ऐक. सतरा नंबर. हा मी स्वतः बनवलेला. बाकीचे एकोणचाळीस कमी-जास्त यंत्राबरोबर आलेलेच आहेत. हा कुठंच मिळायचा नाही."

त्यांनी मधली एक पट्टी दाबून सोडली. काचेच्या पेल्याला नखानं टिचकी मारावी तसा सूर उठला आणि हळूहळू विरत गेला. मुंगी काही म्हणणार, तोच काकांनी हात वर केला.

"थांब. आत्ता."

सूर जवळजवळ संपला होता. आणि मग, अगदी मागून, दुसरा एक सूर वर आला. तोच, पण मऊ. आतल्या खोलीतून कुणीतरी ओ द्यावी तसा. एवढासा आला आणि गेला.

मुंगीच्या अंगावर काटा आला. तिनं मनातल्या मनात मोजलं होतं: चौथ्या सेकंदाला.

"कसं केलंत हे?"

"तीन महिने लागले," काका एवढंच म्हणाले.

पडद्यावर आवाजाचं नाव दिसत होतं. रोमन लिपीतली चार अक्षरं: आले.

"हे काय नाव?"

"जागाच सहा अक्षरांची आहे. त्यात काय महाकाव्य मावणार होतं?" असं म्हणून काका केबल गुंडाळत लिफ्ट बोलवायला बाहेर गेले.

तेवढ्यात काकूनं एक कॅसेट आणून मुंगीच्या हातात ठेवली. "आणि ही पण ने. तीही तुमच्याच जातकुळीतली."

कॅसेट बघून मुंगीला हसू फुटलं. ही किंचाळणारी कॅसेट घराण्यात प्रसिद्ध होती. मुंगी सहा वर्षांची असताना सगळे एकदा गाडीतून लांब निघाले होते. काकांनी गाण्यांची म्हणून ही कॅसेट लावली आणि आतून अशी काही कर्कश, थरथरती किंकाळी निघाली की मुंगीच्या बाबांनी रस्त्याच्या कडेला गाडी थांबवून इंजिन उघडून पाहिलं होतं. त्यानंतर काकूनं कॅसेटवर ठळक अक्षरांत "खराब" असं लिहून ठेवलं. टाकून मात्र दिली नाही, कारण काकू काहीच टाकून द्यायची नाही.

"राहू दे गं काकू, आधीच चौदा किलो आहे," मुंगी म्हणाली आणि कॅसेट परत देऊन निघाली.

काम घाईचं होतं. दाढीला एका मालिकेचं शीर्षकसंगीत करायचं होतं. मुंगीनं फोनवरून ऐकवलेला सतरा नंबर ऐकून तो खुर्चीतून उठून उभाच राहिला होता. ठरलं असं की मुंगीनं आवाज कॉम्प्युटरमध्ये घ्यायचा, आणि शुक्रवारी काकांनी स्टुडिओत येऊन सुरुवातीचे आठ सूर स्वतः वाजवायचे. वीस वर्षांत कुठंही न वाजवलेल्या काकांनी सोमवारीच शर्टाला इस्त्री करून ठेवली होती. काकूनं ते मुंगीला त्याच रात्री फोनवर, हलक्या आवाजात सांगितलं होतं.

मंगळवारी मुंगीनं यंत्र टेबलावर मांडलं. एकसष्ट पट्ट्या, प्रत्येक सहा वेळा, वेगवेगळ्या जोरानं: तीनशे सहासष्ट सूर. प्रत्येकाला बारा सेकंद. एकूण एक तास तेरा मिनिटं. हे सगळं हातानं करावं लागत नाही. कॉम्प्युटर केबलमधून यंत्राला हुकूम देतो, अमुक नंबरचा आवाज लाव, अमुक पट्टी अमुक जोरानं वाजव, आणि येणारा सूर टिपून ठेवतो. मुंगीनं सतरा आकडा टाकला, स्पीकर बंद केले, कारण तोच आवाज तीनशे सहासष्ट वेळा ऐकणं कुठल्याही डोक्याला झेपत नाही, आणि शेजारच्या खोलीत जाऊन दुसरं काम उरकलं.

परत येऊन तिनं तपासणी केली. फाइली तीनशे सहासष्ट. आलेख नीट. मधलाच एक सूर सेकंदभर वाजवून पाहिला. काचेची टिचकी. छान.

मग तिनं यंत्र उघडलं. आतली बॅटरी शेवटच्या घटका मोजत होती. यंत्र बंद असताना आवाज लक्षात ठेवायचं काम या बॅटरीचं. ती गेली की यंत्राला स्वतःचं नावसुद्धा आठवत नाही. मुंगीनं जुनी बॅटरी काढली आणि नवी झाळून बसवली. यंत्र चालू केलं तर पडद्यावर नुसत्या चौकटी. चाळीसच्या चाळीस आवाज पुसले गेले होते. ते तिला अपेक्षितच होतं. सतरा नंबर कॉम्प्युटरमध्ये सुखरूप होता, बाकीचे जगात ढिगानं मिळत होते. यंत्र आता आणखी दहा वर्षं जगेल, या खुशीत तिनं चहा केला, स्पीकर लावले आणि कॉम्प्युटरला जोडलेल्या की-बोर्डवर सावकाश एक पट्टी दाबली.

टिचकी. सूर विरला. चौथा सेकंद आला.

काहीच आलं नाही.

तिनं दुसरी पट्टी दाबली. तिसरी. चहावर साय धरली. मग तिची नजर समोरच्या भिंतीवर गेली. तिथं तिच्याच अक्षरांत एक कागद चिकटवलेला होता. स्टुडिओत नव्यानं येणाऱ्यांना शहाणपण शिकवायला तिनं तो गेल्या वर्षी लावला होता: "कॉम्प्युटर शून्यापासून मोजतो, यंत्र एकपासून. नंबर टाकताना एक कमी करा!"

तिनं सतरा मागितला होता. यंत्रानं इमानेइतबारे अठरावा दिला होता. आणि अठरा नंबर हा, आता तिला कळलं, काकांचा पहिला प्रयत्न असणार; काचेची टिचकी तीच, पण मागून ओ देणारं कुणी नाही. तीन महिन्यांतल्या पहिल्या आठवड्याचा आवाज.

मुंगी खाली जमिनीवरच बसली. तिच्याकडे एका कच्च्या खर्ड्याच्या तीनशे सहासष्ट प्रती होत्या, आणि मूळ लेखन तिनं स्वतःच्या हातानं, सोल्डरिंगची बंदूक घेऊन, पुसून टाकलं होतं.

बुधवारी दाढीला सांगणं भागच होतं. त्यानं ऐकून घेतलं, दाढी खाजवली.

"तो कागद तूच लावलायस ना गं?"

"हो."

"बरं. नाही, नुसतं विचारलं." मग तो जरा थांबून म्हणाला, "हे बघ, अठरा नंबर आहे ना? त्याच्या मागे चौथ्या सेकंदाला तोच सूर हळू करून जोड. एका दिवसाचं काम आहे. कोणाला कळणारे?"

मुंगीनं ते केलं. ती हुशार होती, आणि घाबरलेली होती. दोन्ही मिळून काम भराभर होतं. सोमवारी दाढीला ऐकवताना फोनवर टिपलेला तेवढा एक सूर तिच्याकडे होता. फुटका, टेलिफोनी, वापरण्याजोगा नाही. पण आलेख काढायला पुरेसा. दुसरा सूर कुठं सुरू होतो, किती वर चढतो, कसा विरतो, सगळं तिनं मोजलं आणि अठरा नंबरला शिवलं. संध्याकाळी दाढीला फोनवरचा आणि हा, दोन्ही ऐकवले.

"मला तर एकच वाटतात," तो म्हणाला, आणि तो खरं बोलत होता.

फाइलीला नाव द्यायची वेळ आली. तिनं "१७" लिहिलं. पुढे आवाजाचं नाव टाकायचं होतं. तिची बोटं तिथंच थांबली. वाळूसारखी ती शेवटची खरखर तिच्या शिवणकामात अगदी सारखी होती, प्रत्येक पट्टीला तीच. काकांच्या आवाजात ती तशी नसणार. तीन महिने कान लावून बसलेल्या माणसाला हे पहिल्या सुरात कळेल. आणि त्याहून वाईट म्हणजे कळूनही ते काही बोलणार नाहीत. इस्त्रीचा शर्ट घालून आठ सूर वाजवतील, छान झालं म्हणतील आणि घरी जातील.

तिनं फाइल पुसून टाकली. या आठवड्यात पुसण्यात तिचा हात चांगलाच बसला होता.

गुरुवारी सकाळी ती काकांकडे गेली. वाटेत तिनं माफीचं भाषण तयार केलं होतं: आधी कारण, मग परिणाम, मग काय उपाय करून पाहिले. दार काकांनी उघडलं. तिचा चेहरा बघून ते म्हणाले, "यंत्र पाडलंस का?"

"नाही."

"मग एवढं काय? ये आत."

भाषणातला कुठलाच परिच्छेद जागेवर राहिला नाही. "काका, सतरा नंबर गेला," ती म्हणाली, आणि मग सगळं उलट्या क्रमानं सांगत सुटली: बॅटरी, अठरा, शून्य, भिंतीवरचा कागद, बनावट आवाज. तो मी वापरणार नाहीये, मी पुसला, पण मूळचा परत येणार नाही, माझ्यामुळे गेला.

काका खुर्चीत बसून ऐकत होते. तिचं सांगून झालं. काकांनी चष्मा काढून पुसला, परत लावला. मग मान वळवून स्वयंपाकघराच्या दिशेनं हाक मारली.

"अगं!"

क्षणभर काहीच नाही. भांड्याचा आवाज थांबला. आणि मग आतून, भिंतीआडून, मऊ आवाजात:

"आले!"

मुंगीनं काकांकडे पाहिलं. काका मुद्दाम खिडकीबाहेर बघत होते. त्यांचे कान लाल झाले होते.

रोमन लिपीतली ती चार अक्षरं तिला आता कळली. आणि कळल्याबरोबर तिला जास्तच रडू यायला लागलं, कारण आपण नेमकं काय पुसलं तेही त्यात कळलं होतं.

काकू हात पुसत आली. "काय हो? अगं मुंगी, तू कधी आलीस? रडतेस का?"

"ती किंचाळणारी कॅसेट कुठंय?" काकांनी विचारलं.

मुंगीनं मान वर केली. तिच्या डोळ्यांसमोर यंत्राची मागची बाजू उभी राहिली. तिथं दोन छोटी भोकं होती, धुळीनं भरलेली, आणि त्यांच्यावर टेपरेकॉर्डरचं बारीक चित्र. तिनं ती ब्रशनं साफसुद्धा केली होती.

"काका," ती म्हणाली, "ती किंकाळी म्हणजे..."

"चाळीसच्या चाळीस आवाज. यंत्र आपले आकडे आवाज काढून टेपला सांगायचं, टेप परत यंत्राला सांगायची. तेव्हा दुसरी सोय कुठं होती? बॅटरी मी तीनदा बदललीय मुंगे. दर वेळी त्या कॅसेटवरून परत भरलंय सगळं."

"मग तुम्ही कधी बोलला का नाहीत?"

"बोललो की. गाडीतच सांगत होतो. पण तुम्ही सगळे त्या कॅसेटपेक्षा मोठ्यानं किंचाळत होतात, आणि तुझा बाप इंजिनात डोकं घालून बसला होता. आणि आता मला वाटलं, एवढी शिकलेली पोरगी, हिला काय सांगायचं."

मुंगी हसायला लागली. रडणं अजून पुरतं थांबलेलं नव्हतं, त्यामुळे उचकी लागली. तेवढ्यात काकू हळूच म्हणाली, "अहो, पण ती मी टाकली."

दोघंही वळले.

"टाकलीस? तू?" काका उठून उभे राहिले. "चाळीस वर्षांत या घरातून तू दोरीचा तुकडा टाकला नाहीस!"

"हिनं सोमवारी नेली नाही, तेव्हा मला राग आला. म्हटलं, कुणालाच नको तर मी कशाला सांभाळत बसू? रद्दीच्या पिशवीत टाकली. मंगळवारी तुम्हाला खाली न्यायला सांगितली होती ना ती पिशवी?"

काकांचा चेहरा एकदम बदलला. शाळेतल्या मुलाचा असतो तसा झाला.

"सांगितली होतीस," ते म्हणाले.

"मग?"

काकांनी दाराकडे बोट केलं. दाराच्या मागे, छत्र्यांच्या शेजारी, ती पिशवी तशीच उभी होती. मुंगी तिच्यावर झेपच टाकणार होती, पण काकूनं तिला बाजूला सारलं, वर्तमानपत्रं उपसली आणि तळातून कॅसेट काढली. "खराब" ही अक्षरं अजून ठळक होती. काकूनं ती पदराला पुसली.

"इतकी वर्षं तुमच्या आळशीपणावर बोलतेय मी," ती म्हणाली. "आजचा दिवस सोडून."

तिघंही टॅक्सी करून स्टुडिओत गेले. दाढीकडे एक जुना टेपरेकॉर्डर होता. तो त्यानं शोभेसाठी फडताळात ठेवला होता. तो चालतो हे कळल्यावर सगळ्यांत जास्त आश्चर्य त्यालाच वाटलं.

टेप जुनी, एखाद्या वेळी तुटायचीसुद्धा, म्हणून मुंगीनं आधी किंकाळी कॉम्प्युटरमध्ये उतरवून घेतली. चाळीस सेकंदांची होती. मग तिनं, रोजच्या सवयीनं, तिच्यातली फुसफुस आणि घरघर काढून टाकली आणि स्वच्छ किंकाळी यंत्राला पाजली. सगळे पडद्याकडे बघत उभे राहिले.

"एरर," पडदा म्हणाला.

पुन्हा. एरर. तिनं आवाज कमी केला, जास्त केला. एरर. टेप खराब झाली असेल का? इतकी वर्षं काकूच्या कुठल्यातरी डब्यात, मग वर्तमानपत्रांखाली...

काकांनी तिच्या खांद्यावरून कॉम्प्युटरच्या पडद्याकडे पाहिलं. "तू काय केलंस त्याला?"

"स्वच्छ केलं."

"कशाला? भाजी आहे का ती, धुवून घ्यायला?"

मुंगीनं कपाळावर हात मारला. यंत्राला त्या किंकाळीतले दोनच सूर ओळखायचे होते, एक जाडा आणि एक बारीक; त्यांच्या अदलाबदलीतून ते शून्य आणि एक वाचत होतं. तिच्या सफाईत फुसफुस गेली होतीच, पण तिच्यासोबत त्या सुरांच्या धारदार कडाही झिजल्या होत्या. ती नेहमी सगळं साफ करायची. तिच्या धंद्यात तेच कौतुकाचं. नशिबानं मूळ प्रत तिनं पुसली नव्हती. ती तिनं, सगळ्या मळासकट, तशीच लावली.

स्टुडिओभर ती किंकाळी घुमली. काकूनं कानांत बोटं घातली. दाढी म्हणाला, "हे आवडलंय मला, हेपण वापरू," पण कुणी त्याच्याकडे लक्ष दिलं नाही. तीस सेकंद. पस्तीस. किंकाळी थांबली. पडदा कोरा झाला. मग त्यावर फिकट हिरवी अक्षरं, एकामागून एक, दिसू लागली. एक, दोन, तीन नंबर. चाळीसच्या चाळीस.

काकांनी सतरा नंबर लावला आणि मधली पट्टी दाबली.

टिचकी. सूर विरला. आणि चौथ्या सेकंदाला, मागच्या खोलीतून, ती ओ आली.

मुंगी भिंतीला टेकली. तीन दिवसांत तिचे खांदे कानांपर्यंत चढले होते, हे तिला ते खाली आल्यावर कळलं. दाढीनं तिच्या पाठीवर थाप मारली आणि म्हणाला, "नाही रे बाबा, एकच नाहीत. मी काल खोटं बोललो असणार."

"शून्य आणि एक," काका म्हणाले, "दोघांनीच घोळ घातला, दोघांनीच निस्तरला."

या वेळी मुंगीनं कॉम्प्युटरमध्ये सोळा आकडा टाकला. मग काकांना यंत्राच्या पडद्यावरचा आकडा मोठ्यानं वाचायला लावला. "सतरा," काका म्हणाले. "परत वाचा," ती म्हणाली. "सतराच आहे गं बाई." मग तिनं दाढीला वाचायला लावला. मग काकूला.

काकू वाकून डोळे बारीक करून पाहत होती. "सतरा. आणि खाली काय लिहिलंय हे? आ... ले?"

"आलं?" दाढी म्हणाला. "चहातलं?"

"सहाच अक्षरांची जागा होती," काका घाईनं म्हणाले.

काकूनं त्यांच्याकडे पाहिलं. मग पट्टीवर स्वतःच एक बोट ठेवलं, घाबरत घाबरत. टिचकी. सूर विरला. चौथ्या सेकंदाला तो दुसरा सूर वर आला आणि गेला. काकूनं ते दोनदा केलं. तिसऱ्यांदा आपण काय ऐकतोय ते तिला कळलं असावं, कारण तिनं बोट उचललं आणि मान काकांकडे वळवली.

"चार सेकंदांत?" ती म्हणाली. "इतक्या लवकर मी कधी आलेय?"

"म्हणून तर तीन महिने लागले," काका म्हणाले.

मुंगीनं यंत्राला सुरुवात करून दिली. तीनशे सहासष्ट सूर, एक तास तेरा मिनिटं. या वेळी तिनं स्पीकर बंद केले नाहीत आणि खोली सोडली नाही. ती खुर्ची ओढून समोरच बसली आणि प्रत्येक सुराच्या चौथ्या सेकंदाला वहीत एक टिंब काढत राहिली. दाढी पंधरा टिंबांनंतर पळून गेला. काकू मात्र शेजारच्या खुर्चीत बसून राहिली. मांडीवर पर्स, पर्सवर दोन्ही हात.

"अजून किती?" मध्येच तिनं विचारलं.

"दोनशे एकोणतीस."

"असू दे, असू दे. मी आपलं विचारलं."

काका उठून बाहेर गेले, व्हरांड्यात दोन फेऱ्या मारल्या आणि दारातून डोकावले. उद्या इस्त्रीचा शर्ट घालून परत यायचं होतं, त्यासाठी लवकर झोपायचं होतं, शिवाय भूक लागली होती.

"अगं, निघायचं ना?"

"आले!" काकू म्हणाली, आणि पुढचा सूर ऐकायला परत यंत्राकडे वळली.